पहिला खण रिकामा

१

"उदोनच्या शेवयांत दम नाही राहिला. म्हातारा मळायचा तेव्हा चावताना दाताला उत्तर मिळायचं."

"हळू बोला. लेक आतच आहे."

"ऐकू दे की. मी खोटं बोलतोय का?"

चिझुरु सोगोने मागे वळून पाहिलं नाही. मानाबेंच्या दुकानात सकाळच्या रांगेत मागे वळायचं नसतं. ट्रे हलतो, रस्सा सांडतो, आणि मग फुमिएकाकू फडकं घेऊन अशा काही बघतात की आपलं सगळं आयुष्यच सांडल्यासारखं वाटतं. शिवाय मागे कोण आहे ते तिला आवाजावरून कळलं होतं. ताकामात्सुच्या त्या बाजारपेठेत छत्रीवाला आणि त्याची बायको चिझुरुच्या दुकानाला लागूनच बसत.

"गेल्या वसंतात झटका आला, इसाओचा उजवा हात गेला, तिथेच दुकानाची चव गेली," छत्रीवाला म्हणाला. "पोरगी ओसाकाहून नवऱ्याला घेऊन आली खरी. पण कणीक पायाने तुडवायची तर अंगात वजन पाहिजे. हिच्या अंगात आहे काय?"

"तुमच्यातलं द्या थोडं," बायको म्हणाली.

चिझुरुने हसू गिळलं, वाडग्यात रस्सा ओतून घेतला, वर रताळ्याचं भजं ठेवलं आणि ती गल्ल्यापाशी आली. फुमिएकाकू, इसाओकाकांच्या एकाहत्तर वर्षांच्या पत्नी, नेहमी ट्रेकडे बघून बोलत. आज त्यांनी तिच्या तोंडाकडे पाहिलं.

"दुकान कितीला उघडतेस?"

"दहाला."

"आज नऊला उघड." त्यांनी गल्ल्याखालून निळ्या कापडाचं गाठोडं काढलं आणि वाडग्याशेजारी ठेवलं. "हे ने. मी मागोमाग येते. केइताचं आहे."

चिझुरु वीस वर्षं त्या दुकानात खात होती. हे नाव तिने फुमिएकाकूंच्या तोंडून आज पहिल्यांदा ऐकलं.

२

चिझुरुचं दुकान म्हणजे जुन्या व्हिडिओ गेमचा दवाखाना. शाळेत ती विज्ञानात काठावर पास झाली होती. पुढे वाचनालयातली पुस्तकं, बोटांवरचे चटके आणि कोणाला विचारायची लाज, एवढ्या तीन गुरूंकडे ती शिकली. आता चोपन्नाव्या वर्षी लांबलांबचे लोक तिच्याकडे कॅसेटी घेऊन येत. खेळ त्यांना बाजारात दुसराही मिळाला असता. त्यांना जपायचं असे ते त्यात सेव्ह करून ठेवलेलं. जुन्या कॅसेटच्या पोटात बटणाएवढा सेल असतो आणि सगळी आठवण त्या सेलच्या जिवावर तगते. सेल मेला की आठवणही मेली.

गाठोड्यात टीव्हीला जोडायचं जुनं यंत्र होतं, त्याला कायमचा जोडलेला कंट्रोलर होता आणि एक कॅसेट. कंट्रोलरच्या पाठीला जाळीदार रबराचा हिरवा तुकडा चिकटवलेला होता. चिझुरुने तो नखाने उचलून पाहिला आणि तसाच राहू दिला.

"यात खेळ ठेवायचे तीन खण आहेत," फुमिएकाकू स्टुलावर ताठ बसून म्हणाल्या. "पहिल्यात केइता, दुसऱ्यात कानाए, तिसऱ्यात आई. म्हणजे मी. त्यानेच माझं नाव घालून ठेवलं होतं, आई एक दिवस खेळेल म्हणून. मी कुठची खेळते. सुट्टी लागली त्या दिवशी गेम आणला होता. दोन आठवडे खेळला. मग त्या दुपारी तो..." त्यांनी स्टूल जरा पुढे ओढलं. "वर्षातून एकदा लावते. त्याचं नाव बघते आणि बंद करते. आत कधी जात नाही. गेल्या वर्षी नाव होतं. काल लावलं तर पहिला खण रिकामा."

केइताचं पुढे काय झालं ते बाजारपेठेत सगळ्यांना ठाऊक होतं. दहा वर्षांचा होता. शेतीच्या तळ्यात पडला. त्या भागात पावलोपावली तळी आहेत आणि दर तळ्याला आता कुंपण आहे.

"रविवारी तेहतिसावं श्राद्ध आहे त्याचं, गेला ते वर्ष पहिलं धरून," त्या म्हणाल्या. "शेवटचं. त्यानंतर तो आमचा राहत नाही, पूर्वजांत जातो. जायच्या आधी कोणी पुसला त्याला, ते मला हवंय."

"कोणी पुसलाच असेल असं नाही, काकू."

"जावई इंटरनेटवर जुने गेम विकतो. गिऱ्हाइकाला कोरी कॅसेट लागते म्हणे. तो असेल तर रविवारच्या आत त्याने बॅग भरायची. कानाए त्याच्यामागे गेली तर गेली."

"मग कणीक कोण तुडवणार?"

"दुकान बंद करू." उद्या भाजी काय करू म्हणावं तसं त्या म्हणाल्या.

चिझुरुने कॅसेट उघडली. सेल ठणठणीत होता. सेल गेला असता तर तिन्ही नावं एकदम गेली असती, इथे दोन शाबूत होती. तिने कॅसेट संगणकाला जोडून आतलं वाचलं आणि भुवया वर चढवल्या.

"मुद्दाम पुसलं तर हा गेम दोनदा विचारतो आणि मग तो खण धुऊन स्वच्छ करतो," ती म्हणाली. "हा धुतलेला नाही. आत अर्धवट अक्षरांचा गाळ आहे. काकू, बंद करताना रिसेट दाबून धरता ना?"

"म्हणजे काय. डाव्या हाताने रिसेट दाबून धरायचं, उजव्याने बंद करायचं. केइताने घरात सगळ्यांना शिकवलं होतं."

"ते न धरता वीज तोडली तर लिहिणाऱ्याच्या कोपराला धक्का लागल्यासारखं होतं. जी वही उघडी असेल तिच्यावर शाई सांडते. बाकीच्या बंद असतात, त्या वाचतात. गेम पुढच्या वेळी ती डागाळलेली वही बघतो आणि टाकून देतो."

"मग?"

"मग पहिली वही उघडी होती. केइताचा खेळ कोणीतरी खेळत होतं."

फुमिएकाकूंनी गाठोड्याच्या कापडाची घडी घातली, मोडली, पुन्हा घातली.

सेलवर चिझुरुच्या हातची तारीख होती. दुरुस्तीला आलेल्या प्रत्येक कॅसेटचं एक कार्ड ती जपून ठेवी. तीन वर्षांपूर्वीचं कार्ड सापडलं: मानाबे. सेल बदलला. प्रत घेतली.

"तुम्हीच आणली होतीत ना तेव्हा?"

"मी?" फुमिएकाकू उठून उभ्या राहिल्या. "ही कॅसेट घराबाहेर आज पहिल्यांदा आलीये."

३

सेल काढण्याआधी आतल्या खेळाची प्रत घ्यायचीच, हा चिझुरुचा नेम होता. एक प्रत दुकानात, एक घरी, एक मारुगामेला बहिणीकडे. बहीण म्हणे, "तुझ्या भुतांना माझ्या कपाटात जागा, आणि माझ्या कोटाला नाही." पण त्या प्रती उघडून बघायच्या नाहीत, हाही तिचा नेम होता. दुसऱ्याचा सेव्ह केलेला खेळ म्हणजे दुसऱ्याची डायरी.

तीन वर्षांपूर्वी ती कॅसेट घेऊन कोण आलं, ते तिला आठवेना. तेव्हा सगळं गाव मास्कमागे होतं. आठवत होतं एवढंच, की कॅसेटच्या खाचेत पांढरी पूड होती आणि ती ब्रशने झाडताना तिला शिंक आली होती. आणि मास्कमागून एक प्रश्न आला होता: "प्रत ठेवता का? बरं झालं."

पूड म्हणजे पीठ. मानाबेंच्या घरात पीठ कोणाच्या हाताला नसतं?

तिने त्याच गेमच्या दुसऱ्या कॅसेटमध्ये प्रत उतरवली आणि लावली. तीन नावं आली. केइता, कानाए, आई. इथे थांबून गाठोडं परत केलं असतं तरी चाललं असतं. पण प्रत नीट उतरली की नाही हे आत गेल्याशिवाय कळत नाही, अशी तिने स्वतःची समजूत घातली आणि पहिला खण उघडला.

हा गेम तिने तरुणपणी दोनदा संपवला होता. दोन आठवड्यांत दहा वर्षांचं पोर कुठवर जाईल, हे तिला पक्कं माहीत होतं: सातव्या-आठव्या पातळीपर्यंत, पहिल्या नदीच्या पुलाजवळ, पैसे सगळे लाकडी तलवारीत घालवून.

केइता अडतिसाव्या पातळीवर होता. शेवटच्या डोंगराखालच्या सराईत मुक्कामाला होता. अंगात चांगलं चिलखत, झोळीत औषधी पाला काठोकाठ. एकही लढाई घाईत लढलेली नसावी, इतकी जपून नेलेली स्वारी होती ती.

मेलेल्या मुलाला कोणीतरी बोट धरून वर्षानुवर्षं चालवत होतं.

४

गुरुवारी दोन वाजता मानाबेंचं दुकान बंद झालं तेव्हा चिझुरु गाठोडं घेऊन मागच्या दाराने आत गेली. कानाए टोपल्या धूत होती. एकोणचाळीस वर्षांची बाई, पण अनवाणी उभी असल्यामुळे पोरसवदा दिसत होती.

"चिझुरुताई, आईने दाइगोचं नाव घेतलं ना?"

"तुझी आई नावं घेत नाही, बॅग भरायला सांगते."

कानाए हसली, पण नळ बंद केला नाही. "मी नाही खेळले. केइता गेला तेव्हा मी सात वर्षांची होते. रिसेट धरायला विसरले तर टपली मारायचा. अजून स्वप्नात कधीकधी टपली बसते."

"तीन वर्षांपूर्वी कॅसेट माझ्याकडे तू आणलीस?"

"तीन वर्षांपूर्वी मी ओसाकात खिडकीत बसून शेजाऱ्यांची कपडे वाळत घालायची पद्धत बघत होते. इकडे दोन वर्षं फिरकले नाही."

"त्या दुपारी तू घरी होतीस?"

"होते. त्या दुपारी तो..." कानाएने नळ आणखी मोठा केला.

चिझुरुच्या लक्षात आलं, या घरात ते वाक्य सगळ्यांचं एकाच जागी थांबतं.

दाइगो बोटीच्या धक्क्यावर तिकिटं बघायचा. आज त्याची सुट्टी होती. उंच, लाजाळू, जिन्याला दर वेळी डोकं आपटणारा. "विकतो ते माझेच गेम विकतो, ताई," तो म्हणाला. "त्या खोलीत मी एकदा गेलोय, बल्ब बदलायला. सासूबाई दारात उभ्या होत्या. बल्ब बदलेपर्यंत त्या श्वास घेत होत्या की नाही, मला शंका आहे."

सगळे वर केइताच्या खोलीत गेले. इसाओकाका तेवढे खाली जेवत होते. दुकान आवरल्यावर फुमिएकाकू त्यांना वाढून देत. चिझुरुने यंत्र टीव्हीला जोडलं, प्रत उतरवलेली कॅसेट बसवली आणि सुरू केली. चित्र आलं, आवाज आला नाही. तिने बघितलं तर टीव्हीचा आवाज शून्यावर होता.

"काकू, आवाज तुम्ही बंद करता?"

"मी आवाजाला हात लावत नाही. वर्षातून एकदा तेवढंच ते संगीत ऐकायला मिळतं." त्या थबकल्या. "परवा वाजलं नाही. मला वाटलं, तेही गेलं."

"आता एक काम करा. एकेकाने नुसतं बंद करून दाखवा."

फुमिएकाकू गुडघ्यांवर बसल्या. डाव्या हाताने रिसेट, उजव्याने कळ. देव्हाऱ्यापुढे हात जोडावेत तशी सवयीची हालचाल. चिझुरुने पुन्हा सुरू केलं. कानाएचे हातही न विचारता दोन टोकांना गेले. बत्तीस वर्षांनी टपलीच्या धाकाने मान तेवढी जरा आत गेली.

दाइगोने एक बोट पुढे केलं आणि खटकन कळ ओढली. रिसेटला हातसुद्धा लावला नाही.

"झालं," फुमिएकाकू म्हणाल्या. "बघितलंस ना?"

"काय बघितलं?" दाइगोने सगळ्यांच्या तोंडांकडे पाहिलं. कानाएने डोळे मिटून घेतले.

५

"बघितलं," चिझुरु म्हणाली. "रिसेट न धरणारे दोन तऱ्हेचे असतात, काकू. एक ज्याला माहीत नाही तो. तुमचा जावई तसा आहे, म्हणून तर तुमच्यासमोर बेधडक बंद केलं. चोराने आज रिसेट धरलं असतं. चला, खाली जाऊ."

"दुसरा कोण?"

"खाली."

इसाओकाका बैठ्या टेबलाशी डाव्या हाताने चमच्याने भात खात होते. रुंद खांद्यांचा माणूस; उजवा हात मांडीवर उताणा पडलेला, पाळलेल्या मांजरासारखा. एका हाताने चमचा खुपसला की वाडगं पुढे पळायला हवं. त्यांचं वाडगं हलत नव्हतं. त्याच्याखाली जाळीदार रबराचा हिरवा तुकडा होता आणि त्याच्या एका कोपऱ्यातून कात्रीने चौकोन कापून नेलेला होता.

चिझुरु समोर बसली. कंट्रोलर उलटा करून तिने टेबलावर ठेवला. हिरवा चौकोन वर आला.

"दोन हात असलेल्याला हा लागत नाही," ती म्हणाली. तिला हे बोलायला आवडत नव्हतं, म्हणून ती सावकाश बोलली. "एका हाताने खेळणाऱ्याला लागतो, कंट्रोलर सरकू नये म्हणून. आणि यंत्राचं रिसेट एका टोकाला, कळ दुसऱ्या टोकाला. माहीत असून ज्याला धरता येत नाही, तो दुसरा. तीन वर्षांपूर्वी कॅसेटच्या खाचेत पीठ होतं. तेव्हा या घरात कणीक तुम्ही मळत होता, काका. कानाए ओसाकात होती, दाइगो तिच्याबरोबर. मी प्रत उघडून बघितली, माफ करा. तेव्हाच तो अडतिसाव्या पातळीवर होता."

दाइगोने वाकून सासऱ्यांच्या हातातला चमचा पडायच्या आत काढून घेतला.

"एकेचाळीस," इसाओकाका म्हणाले. झटक्यानंतर त्यांचे शब्द एकेक करून, रांगेत उभे राहिल्यासारखे येत. "आता एकेचाळीस होती. शेवटच्या दारात पोचलो होतो. रविवारच्या आत संपवायचं होतं. अर्धा गेम टाकून कसा जाईल तो?"

"केव्हापासून खेळताय?" कानाएने विचारलं.

"तू नोकरीला ओसाकाला गेलीस तेव्हापासून. ही गुरुवारी संध्याकाळी गाण्याच्या वर्गाला जाते. गुरुवारी अर्धा तास. मला येत नव्हतं काही. चार वर्षं पुलावरच मरत होतो."

"आणि हात गेल्यावर, बाबा? रिसेट कसं धरलंत?"

म्हाताऱ्याने जरा लाजून हनुवटीवर बोट ठेवलं. "हिने. वाकायचं, हनुवटीने दाबायचं, डाव्याने बंद करायचं. वर्षभर जमलं. त्या दिवशी सटकली."

"कशी?"

"रविवार जवळ आला, म्हणून गुरुवार नसताना बसलो होतो. जेवायला हाक आली खालून. घाई झाली."

हाक कोण मारतं, हे विचारायची गरज नव्हती.

फुमिएकाकू जिन्याच्या शेवटच्या पायरीवर उभ्या होत्या. चिझुरुला वाटलं, आता रडतील किंवा ओरडतील. त्यांनी पदर सावरावा तसं एप्रन सारखं केलं आणि पहिल्यांदा जावयाकडे पाहिलं.

"बॅग भरायची नाहीस," त्या म्हणाल्या. ही त्यांची माफी होती. दाइगोने मान हलवली आणि त्याला ती माफी समजलीही.

"प्रत आहे माझ्याकडे," चिझुरु म्हणाली. "तीन वर्षांचं गेलंय, पण अडतिसाव्यापासून पुढे जाता येईल. रविवारला तीन दिवस आहेत. रिसेट धरायला आता घरात माणसं भरपूर आहेत."

"मी धरेन," दाइगो म्हणाला. "मला शिकवा फक्त."

कानाएने त्याला टपली मारली. आपण काय केलं ते तिला मागाहून कळलं.

फुमिएकाकू आता नवऱ्याकडे बघत होत्या. "आवाज का बंद करत होता तुम्ही?" त्यांनी विचारलं. "आठवड्यात एक माझा गाण्याचा वर्ग. मी घरातसुद्धा नसायचे. मग आवाज बंद कशाला?"

इसाओकाकांनी वाडगं थोडं फिरवलं. ते रबरावरून हललं नाही.

"लवकर परत आलीस तर," ते म्हणाले. "जिन्यात ऐकू आलं असतं. मग तुला आठवलं असतं. त्या दुपारी तो..."

ते वाक्य ठरल्या जागी येऊन थांबलं. बत्तीस वर्षं ते तिथेच थांबत आलं होतं, आणि दर वेळी कोणीतरी नळ सोडे, कोणी स्टूल ओढे, कोणी भात वाढायला उठे. चिझुरुने गाठोड्याचं कापड उचललं. परक्या माणसाने इथून उठावं हे बरं, असं तिला वाटलं. पण फुमिएकाकू वाटेत होत्या आणि वाटेतून हलत नव्हत्या. मग त्या नवऱ्याशेजारी येऊन बसल्या आणि त्याचा उताणा पडलेला हात त्यांनी आपल्या मांडीवर घेतला.

"तुम्ही दुकानात होता," त्या म्हणाल्या. "वर मी होते. त्याने पाच मिनिटं मागितली होती, सराईपर्यंत पोचू दे म्हणाला. मी म्हटलं, बंद कर आणि बाहेर जा. त्याला बाहेर मी पाठवलं."